रीजन्सी प्रेमकथा: ओळख, नाच, पत्रं, पैसा आणि लग्न

नीलमोहर

या काळातल्या प्रेमकथांबद्दल एक तक्रार नेहमी ऐकू येते. यात काही घडतच नाही, माणसं नुसती चहा पितात, नाचतात आणि पत्रं लिहितात. मला उलटंच वाटतं. भरपूर घडतं, पण ते शिष्टाचाराच्या नियमांतून घडतं. कुणाकडे आधी कुणी जायचं, कुणाबरोबर किती वेळा नाचायचं, कुणाला पत्र लिहिलेलं चालतं, हे जेन ऑस्टिनच्या वाचकांना पाठ होतं, म्हणून तिने ते कुठेच समजावत बसलेलं नाही. ते ठाऊक नसलं की पात्रांचे स्वभावही अर्धेच कळतात. म्हणून हा धागा. ज्याला जे पक्कं माहीत आहे ते त्याने लिहावं.

आधी काळ. इंग्लंडचा राजा तिसरा जॉर्ज याचं मन ताळ्यावर राहिलं नाही म्हणून ५ फेब्रुवारी १८११ ला युवराज रीजंट, म्हणजे राजाच्या जागी कारभारी, झाला आणि २९ जानेवारी १८२० ला राजा वारेपर्यंत तोच कारभार बघत होता. ऑस्टिनच्या सहाही मुख्य कादंबऱ्या याच नऊ वर्षांत छापल्या गेल्या. 'सेन्स अँड सेन्सिबिलिटी' १८११ ची, 'प्राइड अँड प्रेज्युडिस' १८१३ ची, 'मॅन्सफील्ड पार्क' १८१४ ची. 'एमा' डिसेंबर १८१५ मध्ये आली, आणि 'नॉर्दँगर ॲबी' व 'पर्स्वेजन' लेखिकेच्या मृत्यूनंतर डिसेंबर १८१७ मध्ये एकत्र आल्या. त्याच्या महिनाभर आधी, ५ नोव्हेंबरला, इकडे खडकीची लढाई झाली होती.

आता ओळख. 'प्राइड अँड प्रेज्युडिस'मध्ये बिंग्ली हा श्रीमंत तरुण नेदरफील्डला राहायला येतो तेव्हा पाच मुलींची आई मिसेस बेनेट नवऱ्याच्या मागे का लागते? नवा शेजारी आला की घरच्या कर्त्या पुरुषाने आधी जाऊन यायचं असतं. तो गेला नाही तर बायकोला आणि मुलींना त्या घराशी येणंजाणं ठेवता येत नाही. मिस्टर बेनेट कुणाला न सांगता जाऊन येतो. काही दिवसांनी बिंग्ली परतभेटीला येतो, लायब्ररीत दहाएक मिनिटं बसतो आणि जातो. मुलींची त्याच्याशी भेट होतच नाही. त्या त्याला वरच्या खिडकीतून पाहतात, निळा कोट आणि काळा घोडा एवढंच.

सार्वजनिक नाचात मध्यस्थ लागतो. 'नॉर्दँगर ॲबी'त बाथच्या लोअर रूम्स या सार्वजनिक सभागृहात नायिका कॅथरिन मोरलंडसमोर हेन्री टिल्नीला आणून उभं करतो तो तिथला समारंभप्रमुख मिस्टर किंग, आणि त्या नावाचा माणूस खरोखरच तिथे त्या कामावर होता. दोघं हसून बोलू लागतात ते त्यानंतर.

आता बेनेटांचा नातलग, पाद्री मिस्टर कॉलिन्स बघा. नेदरफील्डच्या नाचात तो स्वतःहून बिंग्लीच्या श्रीमंत मित्रापुढे, डार्सीपुढे, जाऊन आपली ओळख करून देतो. खालच्या दर्जाच्या माणसाने वरच्याशी आपणहून ओळख काढायची नाही हा साधा नियम. बेनेटांची दुसरी मुलगी एलिझाबेथ त्याला थोपवते, तो ऐकत नाही. डार्सी चकित होऊन पाहतो, तुटक उत्तर देतो, आणि एलिझाबेथला मेल्याहून मेल्यासारखं होतं. नियम माहीत नसलेल्या वाचकाला इथे फक्त एक बडबड्या माणूस दिसतो.

कोकणकडा

उत्तम धागा. नाचाबद्दल मी भर घालतो.

एका आमंत्रणात लागोपाठचे दोन नाच येतात आणि ते साधारण अर्धा तास चालतात. एका संध्याकाळी एकाच मुलीला दोनदा विचारलं की सगळ्यांच्या नजरा वळतात, तिसऱ्यांदा विचारलं तर ठरल्यातच जमा. मेरिटनच्या नाचातला हिशोब मिसेस बेनेट घरी येऊन नवऱ्याला ऐकवते. बिंग्लीने पहिले दोन एलिझाबेथच्या मैत्रिणीबरोबर, शार्लट लुकसबरोबर, केले, मग बेनेटांची थोरली जेन, मग मिस किंग, मग शार्लटची धाकटी बहीण मराया, पाचव्या खेपेला पुन्हा जेन आणि सहाव्याला एलिझाबेथ. मिस्टर बेनेट वैतागतो, पण हिशोब नेमका आहे. दुसऱ्यांदा विचारलेली मुलगी एकटी जेन, आणि तेवढ्यावरून गावाने अंदाज बांधला.

दुसरा नियम नकाराचा. एकाला नाही म्हटलं तर मुलीने त्या रात्री दुसऱ्या कुणाबरोबरही नाचायचं नाही. नेदरफील्डला कॉलिन्स पुन्हा विचारतो तेव्हा एलिझाबेथ नाही म्हणते आणि त्याची किंमत म्हणून उरलेली रात्र बसून काढते. पुरुषावर असं बंधन नाही. त्याने न विचारणं मात्र मोठा अपमान. 'एमा'त मिस्टर एल्टन एमाच्या मैत्रिणीला, हॅरिएटला, एकटी बसलेली बघूनही मुद्दाम टाळतो, आणि मिस्टर नाइटली, जो एरवी नाचतच नाही, उठून तिला घेऊन जातो. एमाच्या मनात नाइटलीची जागा बदलते ती इथून, असं माझं मत आहे.

कंट्री डान्स लांब ओळींत चालतो. स्त्रिया एका बाजूला, पुरुष दुसऱ्या बाजूला, जोडी सरकत सरकत खाली जाते आणि आपली पाळी येईपर्यंत बराच वेळ नुसतं समोरासमोर उभं राहायचं असतं. तरुण मुलीला परपुरुषाशी घरच्यांच्या कानाआड बोलण्याची एवढीच हक्काची जागा. एलिझाबेथ आणि डार्सी यांची नेदरफील्डची जुगलबंदी म्हणून नाचात आहे, दिवाणखान्यात नाही.

या काळावर नवं लिहिणाऱ्यांसाठी: वॉल्ट्झ, म्हणजे जोडीदाराला कवेत धरून करायचा नाच, घालायचा असेल तर साल बघा. जुलै १८१६ मध्ये युवराजाच्या नाचात वॉल्ट्झ झाला तेव्हा 'द टाइम्स'ने त्यावर कडक टीका केली होती. 'एमा'त मिसेस वेस्टन पियानोवर वॉल्ट्झची चाल वाजवते, पण तिच्यावर नाचतात तो कंट्री डान्सच.

मधली_सुट्टी

वाचनखूण साठवली. एक शंका. 'सेन्स अँड सेन्सिबिलिटी'त एडवर्डचं लुसी स्टीलवर प्रेम उरलेलं नाही, एलिनॉरवर आहे. वाङ्निश्चय तर चार वर्षं गुपित आहे, कुणाला पत्ता नाही. मग तो मोडत का नाही? वाचताना त्याचा राग येतो.

शाईची_दौत

राग येतो खरा, पण मोडण्याचा हक्क त्याला नव्हताच. शब्द दिल्यावर मुलगी माघार घेऊ शकत असे, पुरुष नाही. त्याने माघार घेतली तर मुलीला वचनभंगाबद्दल कोर्टात नुकसानभरपाई मागता येत असे, आणि कोर्टाबाहेर त्याची सभ्य माणूस म्हणून पत राहत नसे. चार वर्षं एका मुलीला अडकवून ठेवायची आणि मग सोडायची, तर तिची लग्नाची उमेदीची वर्षं गेली. लुसीला हे पुरेपूर ठाऊक आहे. म्हणूनच ती एलिनॉरला गुपित सांगते: एडवर्ड शब्द पाळणार हे तिला माहीत आहे आणि एलिनॉर गुपित फोडणार नाही हेही. पुढे आई एडवर्डला वारसा नाकारते, वर्षाला हजार पौंडांची नॉरफोकमधली इस्टेट धाकट्या रॉबर्टच्या नावे करते, आणि लुसी रॉबर्टशी लग्न करते. एडवर्ड सुटतो तो लुसीने सोडल्यामुळे, आणि दुसरा मार्ग नव्हताच.

आता पत्रांबद्दल. लग्न न ठरलेल्या तरुण-तरुणीने एकमेकांना पत्र लिहायचं नाही. एलिनॉरची धाकटी बहीण मॅरिएन लंडनला पोचताच पत्र लिहायला बसते, पत्त्यातलं मोठं डब्ल्यू, म्हणजे मॅरिएनचं ज्याच्यावर प्रेम आहे त्या विलोबीचं, एलिनॉरला दिसतं आणि ती धरून चालते की यांचं ठरलेलं आहे. तसं नसतं तर बहिणीने पत्र लिहिलंच नसतं. मॅरिएनची तीन पत्रं आणि केसांची बट विलोबी परत पाठवतो, तेव्हा कळतं की काहीच ठरलेलं नव्हतं. त्या परत आलेल्या पाकिटात नकाराबरोबर मुलीची बेअब्रूही आहे.

याच नियमामुळे डार्सी मावशीच्या, लेडी कॅथरिनच्या, रोझिंग्ज इस्टेटीवरच्या बागेत वाट बघत थांबतो आणि पत्र एलिझाबेथच्या हातात देतो. टपालाने पाठवलं असतं तर ती उतरली होती त्या कॉलिन्सच्या घरात सगळ्यांनी पाकीट पाहिलं असतं. 'पर्स्वेजन'मधला कॅप्टन वेंटवर्थही बाथच्या व्हाइट हार्ट हॉटेलात भरल्या खोलीत पत्र लिहितो, निघून जातो, हातमोजे विसरल्याचं निमित्त करून परत येतो आणि विखुरलेल्या कागदांखालून ते काढून ॲनच्या पुढ्यात ठेवतो.

'एमा'तली जेन फेअरफॅक्स पावसात स्वतः टपाल आणायला का जाते, तेही यातच आलं. फ्रँक चर्चिलशी तिचं ठरलंय हे गुपित आहे, पाकीट दुसऱ्या कुणाच्या हाती पडून चालणार नाही. पहिल्या वाचनात आपण तिच्या सर्दीची काळजी करतो, दुसऱ्या वाचनात सगळं उलगडतं.

टपालाचा खर्च पत्र घेणाऱ्याच्या माथी असे, अंतरावर आणि कागदांच्या संख्येवर. दोन कागद म्हणजे दुप्पट पैसे. म्हणून लोक कागद आडवा धरून त्याच लिखाणावर पुन्हा लिहीत. पार्लमेंटच्या सभासदाने सही केली की पत्र फुकट जाई. मॅन्सफील्ड पार्कमध्ये दहा वर्षांची फॅनी भावाला पत्र लिहिते तेव्हा एडमंड तिला हाच दिलासा देतो की सर थॉमसच्या सहीमुळे विल्यमला काही पडणार नाही. एडमंडच्या चांगुलपणाची आपल्याला पहिली ओळख या टपालखर्चातून होते.

सातबारा

पैशाशिवाय हा धागा पुरा होणार नाही.

मालमत्ता आणि वार्षिक उत्पन्न यांची गल्लत बरेच जण करतात. पुरुषाबद्दल बोलताना लोक वर्षाचं उत्पन्न सांगतात, मुलीबद्दल बोलताना एकरकमी भांडवल. डार्सीचे १०,००० पौंड वर्षाचे आहेत, जमिनीच्या खंडाचे. त्याच्या बहिणीचे, जॉर्जियानाचे, ३०,००० एकदाचे आहेत. भांडवलाचं उत्पन्न काढायला चार ते पाच टक्क्यांनी गुणायचं. बिंग्लीला बापाकडून जवळजवळ १,००,००० आले, म्हणून गाव त्याला वर्षाचे चार-पाच हजारवाला म्हणतं. बरोबर बसतं.

एलिझाबेथच्या वाट्याला चार टक्क्यांच्या रोख्यांतले १,००० पौंड, तेही आईच्या मृत्यूनंतर. म्हणजे वर्षाला ४० पौंड. हा आकडा लग्नाची मागणी घालतानाच कॉलिन्स तिला ऐकवतो, आणि लग्नानंतर आपण त्याबद्दल चकार शब्द काढणार नाही असंही वर सांगतो. त्याच मुलीने आधी त्याला आणि नंतर वर्षाच्या १०,००० ला नकार दिला. हे आकडे शेजारी ठेवून वाचल्यावर कॉलिन्सच्या गावी, हन्सफर्डला, डार्सी मागणी घालतो तो प्रसंग केवढा मोठा होतो!

बेनेटांच्या लाँगबोर्न इस्टेटीचं उत्पन्न वर्षाला २,००० आहे, पण इस्टेट पुरुष वारसालाच जाणार अशी बांधलेली. बेनेट दांपत्याचा हिशोब होता की मुलगा होईल, तो सज्ञान झाला की बाप-लेक मिळून ते बंधन तोडतील आणि विधवेची व मुलींची सोय होईल. मुलगा झालाच नाही, वारस ठरला तो कॉलिन्स, आणि बचतही केली नाही. मिस्टर बेनेट आपल्याला आवडतो, पण पाच मुलींच्या बापाने वीस वर्षं काही बाजूला टाकलं नाही ही त्याची गंभीर चूक आहे आणि लेखिकेने ती झाकलेली नाही.

किती पैशांत कसं राहता येई? 'सेन्स अँड सेन्सिबिलिटी'तल्या डॅशवूड मायलेकी चौघींना मिळून वर्षाला ५०० पौंड. दोन मोलकरणी आणि एक गडी, गाडी-घोडे नाहीत. मॅरिएन म्हणते की आपल्याला फार नको, वर्षाला अठराशे ते दोन हजार पुरेत. एलिनॉरला हजारसुद्धा श्रीमंती वाटते. मॅरिएनचं पुढे ज्याच्याशी लग्न होतं त्या कर्नल ब्रँडनचं उत्पन्न बघा: २,०००. आणि एलिनॉर-एडवर्डचं शेवटी कुठे अडतं? वर्षाला ३५० वर संसार होणार नाही, यावर दोघांचं एकमत आहे. आईने १०,००० दिल्यावर लग्न होतं.

पश्चिमा

सातबारा, याच आकड्यांवरून मला कॉलिन्सशी लग्न करणाऱ्या शार्लट लुकसची बाजू मांडायची आहे. तिला स्वार्थी म्हणणारे बरेच आहेत. वय २७, रूप बेताचं, बाप सर विल्यम व्यापारातून निवृत्त झालेला, मुलीला द्यायला फारसं काही नाही, भावांना धास्ती की ही जन्मभर आपल्या गळ्यात पडते की काय. शिकलेल्या पण पैसा नसलेल्या मुलीला लग्न किंवा गव्हर्नेसची नोकरी, याखेरीज तिसरी वाट नव्हती. कॉलिन्सकडे घर आहे, चर्चचं उत्पन्न आहे आणि उद्या लाँगबोर्न आहे. हन्सफर्डला ती बसायची खोली मुद्दाम मागच्या बाजूची निवडते, म्हणजे रस्ता दिसणाऱ्या खोलीत रमणारा नवरा दिवसभर पुढे येऊन बसणार नाही. नवऱ्याला बागकामाचं प्रोत्साहन देते. तिने जे पत्करलं ते डोळे उघडे ठेवून पत्करलं आणि नीट निभावलं.

नीलमोहर

निभावलं हे मान्य. पण कादंबरी तिला पूर्ण माफ करत नाही, पश्चिमाताई. कॉलिन्सने तीन दिवसांत दोन मुलींना मागणी घातली, त्यातली दुसरी ही. मैत्रिणीने नाकारलेल्या माणसाच्या वाटेत ती ठरवून येऊन उभी राहते. एलिझाबेथला धक्का बसतो तो पैशांसाठी लग्न केल्याचा नाही. ज्याचा मान राखणं शक्य नाही अशा माणसाबरोबर आयुष्य काढायला शार्लट तयार झाली, याचा तो आहे. आणि मागच्या बाजूच्या खोलीत बसून जन्म काढणं हे मला सुख वाटत नाही.

पश्चिमा

सुख नाहीच, निवारा आहे. 'एमा'तली मिस बेट्स आठवा. ती पाद्र्याची मुलगी, अविवाहित, भाड्याच्या खोल्यांत म्हाताऱ्या आईबरोबर राहते, शेजाऱ्यांनी पाठवलेल्या डुकराच्या मांसावर आणि सफरचंदांवर तिचं चालतं, आणि बॉक्स हिलवर एमाने चारचौघांत टोमणा मारला तरी तिला गप्प बसावं लागतं. शार्लटसमोर दुसरा रस्ता हाच होता. माझं मत बदलणार नाही.

घाटवाट

नव्या लेखकांच्या कथांत किताबांचे घोळ फार दिसतात, त्याबद्दल.

उतरत्या क्रमाने ड्यूक, मार्क्विस, अर्ल, व्हायकाउंट, बॅरन. हे लॉर्ड. बॅरोनेट आणि नाइट हे 'सर', आणि सर नेहमी पहिल्या नावाला लागतं: सर वॉल्टर, सर एलियट कधीच नाही. त्यांच्या बायका लेडी, पण आडनावाला: लेडी लुकस, लेडी बर्ट्रम. लेडी कॅथरिनचं वेगळं. ती अर्लची मुलगी, म्हणून तिचा मान जन्माचा आणि तो पहिल्या नावाला लागतो, नवरा नुसता 'सर' असला तरी. नायिकेला एका पानावर लेडी अमुक आडनाव आणि दुसऱ्या पानावर लेडी तमुक पहिलं नाव केलं, तर जाणकार वाचक तिथेच पुस्तक मिटतो.

बहिणींत थोरली ती मिस बेनेट, बाकीच्या मिस एलिझाबेथ, मिस मेरी. पुरुषाने मुलीला नुसत्या पहिल्या नावाने हाक मारली म्हणजे ठरलंय असा अर्थ निघतो.

ऑस्टिनच्या सहा नायकांत एकही लॉर्ड नाही. डार्सी आणि नाइटली जमीनदार, एडवर्ड, एडमंड आणि हेन्री टिल्नी पाद्री, वेंटवर्थ आरमारातला. ड्यूक नायक, लंडनच्या ऑल्मॅक्स सभागृहातले बुधवारचे नाच, प्रवेशपत्रिका वाटणाऱ्या मानकरणी, हे सगळं नंतर जॉर्जेट हेयरच्या आणि तिच्या मागून आलेल्या लेखिकांच्या कथांतून रुळलं. हेयरची 'रीजन्सी बक' १९३५ ची. दोन्ही वाचाव्यात, पण एकीचे नियम दुसरीच्या माथी मारू नयेत. खरे ड्यूक तेव्हा जेमतेम पंचवीस-तीस होते आणि त्यातले बरेच म्हातारे किंवा लग्न झालेले.

वेंटवर्थच्या २५,००० पौंडांबद्दल कुणी विचारण्याआधीच सांगतो: ते शत्रूची जहाजं पकडल्याच्या बक्षिसाचे आहेत. जहाजाची किंमत ठरायची आणि ती खलाशापासून ॲडमिरलपर्यंत ठरलेल्या हिश्शांनी वाटली जायची, कॅप्टनचा हिस्सा सगळ्यात घसघशीत. आठ वर्षांपूर्वी कफल्लक म्हणून नाकारलेला तरुण लढाईमुळेच परत येऊन ॲनला मागणी घालू शकतो.

मधली_सुट्टी

आणि पळून जाऊन लग्न? ग्रेटना ग्रीनच का? एलिझाबेथची धाकटी बहीण लिडिया विकहॅमबरोबर पळते तेव्हा तिथे गेले असते तर बरं, असं घरचेच म्हणतात, ते विचित्र वाटलं होतं.

सातबारा

१७५३ च्या हार्डविक कायद्यामुळे. इंग्लंडात लग्न चर्चमध्येच, आणि आधी तीन रविवार जाहीर पुकारा किंवा मग परवाना. एकवीस वर्षांखालच्याला परवान्याने लग्न करायचं तर बापाची संमती हवी, नाहीतर लग्नच रद्द. पुकाऱ्यात बाप उभा राहून हरकत घेऊ शकतो. परवान्यासाठी दोघांपैकी एकाचा त्या पॅरिशमध्ये, म्हणजे चर्चच्या हद्दीत, चार आठवडे मुक्काम लागे. कँटरबरीच्या आर्चबिशपचा खास परवाना मिळाला तर जागा आणि वेळ मोकळी. डार्सीचं ठरल्यावर मिसेस बेनेट त्याच परवान्याचा आग्रह धरते, कारण तो मोठ्या घराण्यांचा मान.

स्कॉटलंडला हा कायदा लागू नव्हता. तिथे दोन साक्षीदारांसमोर आम्ही नवरा-बायको आहोत असं म्हटलं की लग्न झालं, आणि मुक्कामाची अट १८५६ च्या कायद्याने आली. ग्रेटना ग्रीन सीमेला लागून, लंडनहून तीनशेवर मैल. म्हणजे ग्रेटनाला गेले असते तर लिडिया निदान बायको झाली असती. ती लंडनमध्ये लग्नाविना त्याच्याबरोबर राहते आहे, हे भयंकर. तिच्यापायी चारही बहिणींची लग्नं अडली असती.

आता डार्सीने काय केलं ते बघा. विकहॅमचं हजार पौंडांच्या वरचं कर्ज फेडलं, लिडियाच्या नावावर आणखी हजार ठेवले, आणि त्याला सैन्यातला हुद्दा विकत घेऊन दिला. लग्न सेंट क्लेमेंटच्या चर्चमध्ये झालं, कारण विकहॅमची खोली त्या पॅरिशमध्ये होती. वेळ सकाळी अकराची. लग्न आठ ते बाराच्या आतच लागू शकत असे, म्हणून मामाला ऐन वेळी कामासाठी कुणी बोलावतं तेव्हा लिडियाचा जीव खालीवर होतो. रीजन्सी कथेत मेणबत्त्यांच्या उजेडातलं चर्चमधलं लग्न दिसलं तर खास परवान्याचा उल्लेख शोधा. नसेल तर ती चूक.

शाईची_दौत

आपल्याकडच्या वाचकांना आणखी एक गोष्ट खटकते. फॅनी आणि एडमंड ही सख्खी मावसभावंडं. डार्सी आणि ॲन डी बर्गही. महाराष्ट्रात बऱ्याच समाजांत मामाची मुलगी चालते, मावसबहीण मात्र बहीणच. इंग्लंडच्या चर्चने निषिद्ध नात्यांची यादी केली होती, तिच्यात चुलत-मावस-आते-मामे भावंडं नव्हती. त्यामुळे डार्सीने आपल्या मुलीशी, ॲनशी, लग्न करावं हा लेडी कॅथरिनचा हट्ट तिथल्या वाचकाला अहंकाराचा वाटला असेल, वावगा नाही. इस्टेटी एकत्र ठेवायचा तो रुळलेला मार्ग होता.

कोकणकडा

नव्याने सुरुवात करणाऱ्याने आधी कुठली घ्यावी?

सातबारा

'सेन्स अँड सेन्सिबिलिटी'. दुसरं प्रकरण सावकाश वाचा. मरणाऱ्या बापाला जॉन डॅशवूडने सावत्र आईला आणि बहिणींना सांभाळायचा शब्द दिला आहे. तो ठरवतो, तिघी बहिणींना हजार-हजार. बायको बोलू लागते. मग पाचशे-पाचशे. मग बहिणींना काही नको, आईला वर्षाला शंभर. पण अशी वार्षिक नेमणूक मिळाली की माणसं मरत नाहीत, म्हणून तेही नको, अधूनमधून पन्नासेक पौंड. शेवटी ठरतं की सामान हलवायला मदत करावी आणि हंगामात मासे व शिकार पाठवावी. आवाज कुणीच चढवत नाही, आणि प्रकरण संपेपर्यंत तीन हजार पौंड गेलेले असतात.